माईकवर ती सात नंबर होती

घसा बसला की लोक मला कोमट पाणी प्यायला सांगतात. कोणी ज्येष्ठमध आणून देतं, कोणी मिठाच्या गुळण्या सुचवतं. सांगणारे सगळे चांगल्या मनाचे असतात, आणि म्हणूनच मला त्यांचा जास्त राग येतो. हा घसा मी सगळं आयुष्य दोन ठिकाणी वापरला आहे. नोकरी एसटीत कंडक्टरची, आणि हंगाम आला की रजा टाकून मैदानाच्या कडेला हॉकीची कॉमेंट्री. खामगाव-मेहकर गाडीत ‘पुढे सरका, पुढे सरका’ म्हणून ओरडायचं आणि दुसऱ्या दिवशी उन्हात टेबलाशी बसून ‘चेंडू उजव्या बगलेतून पुढे सरकतो आहे’ म्हणून ओरडायचं. गाडीतले लोक सरकत नाहीत, चेंडू तरी सरकतो, एवढाच काय तो फरक. असल्या घशाला ज्येष्ठमध काय करणार?

बुलडाणा जिल्ह्यात हॉकी खेळतात हे बाहेरच्या माणसाला दोनदा सांगावं लागतं. पुण्याला आमचे एक साडू आहेत, ते दर भेटीत विचारतात, ‘काय, कबड्डी कशी चालली आहे?’ आता मीही ‘चांगली चालली आहे’ म्हणून मोकळा होतो. खरं म्हणजे आमच्याकडे ही हॉकी मोहल्ल्यातल्या पोरांनी टिकवली. सुतारकाम करणारे, वेल्डिंग करणारे, फळांचे गाडे लावणारे. नंतर शाळांमधून शेतकऱ्यांची पोरं आली आणि त्यांच्यामागून मुली आल्या. मैदान मुरुमाचं. सकाळी टँकर पाणी मारून जातो, तासाभरात पुन्हा धूळ. चेंडू कधी खड्ड्यात बसतो, कधी नाकावर येतो. हिरवं गार मैदान फक्त टीव्हीवर दिसतं आणि ते बघून आमची पोरं हसतात, कारण त्या मैदानावर काय कोणीही खेळेल.

कॉमेंट्री म्हणजे खेळाचं वर्णन, असं ज्यांना वाटतं त्यांनी एक दिवस माझ्या टेबलाशी बसावं. अर्धा वेळ खेळ सोडून बाकी सगळं बोलायचं असतं. पिंपळगाव राजाच्या मंडळींची काळीपिवळी जीप निघते आहे, त्यांनी गेटवर यावं. एक चावी सापडली आहे, लाल गोफ आहे, ओळख पटवून न्यावी. झाडावर बसलेल्यांनी खाली उतरावं, फांदी वाळलेली आहे. हे सगळं चेंडू बगलेतून मध्यभागी येईपर्यंतच्या वेळात बसवायचं, आणि तेही मराठीत, मग हिंदीत, आणि एखादा शब्द उर्दूचा टाकायचा म्हणजे जुने खेळाडू मान डोलावतात. घरी गेल्यावर मला पाणी मागायचाही कंटाळा येतो. मी नुसता पेला दाखवतो.

हे काम मला ज्यांनी शिकवलं ते मोहल्ल्यातले जुने खेळाडू होते. सगळे त्यांना उस्ताद म्हणत. ते म्हणायचे, “बेटा, कुछ भी हो जाए, माईक थंडा नहीं पडना.” मला वाटायचं की हा म्हाताऱ्याचा हट्ट आहे. मग एका उपांत्य सामन्यात ऐन गोलाच्या वेळी लाइट गेली. गोल झाला की नाही यावर दोन्ही गावं उठली. एरवी उस्तादांनी लागलीच सांगितलं असतं की पंचांनी काय दिलं, का दिलं, आता चेंडू कोणाकडे आहे, आणि लोक शिव्या देत का होईना, बसले असते. पण भोंगा मुका झाला. कोणालाच काही कळेना. दोन मिनिटांत मैदानाभोवतीचा दोर तुटला, स्टिका बाहेर आल्या, आणि पंच शाळेच्या प्रयोगशाळेत आतून कडी लावून बसले. उस्ताद टेबलावर उभे राहून नुसत्या तोंडाने ओरडत होते आणि कोणालाही ऐकू जात नव्हतं. त्या दिवसापासून मी कानाला खडा लावला. मैदानात काहीही घडो, मी बोलत राहणार.

त्यांची दुसरी शिकवण अशी की माईक हातात असताना घरचं कोणी नसतं. पुतण्या खेळत असला तरी तो फक्त अमुक नंबर. जरा नाव जास्त घेतलं की समोरच्या गावाला वाटतं, कॉमेंट्रीवाला तिकडचा आहे, आणि मग तुमच्या कोणत्याच शब्दावर कोणी विश्वास ठेवत नाही. हे मला पटलं होतं. माझी मुलगी सातवीत स्टिक धरायला लागली तेव्हा हे पटलेलं मोठं अवघड होणार आहे, हे मला माहीत नव्हतं.

तिला सात नंबरची जर्सी मिळाली आणि पुढे तीच राहिली. फॉरवर्ड खेळायची. बापाच्या डोळ्यांनी बघतो म्हणून नाही, पण ती धावताना चेंडू तिच्या स्टिकेला चिकटून राहायचा. आमचं घर दोन खोल्यांचं, आणि त्यात जेवताना विषय एकच. भाजीत मीठ आहे का नाही हे सुद्धा आम्ही पेनल्टी कॉर्नरमधून वेळ काढून बोलायचो. बायको म्हणायची, या दोघांना ताटात चेंडू वाढला तरी कळायचं नाही.

एकदा ती माझ्यावर रुसली.

“बाबा, बाकी पोरीइचं नाव घेता तुम्ही. मले काऊन सात नंबर म्हनता?”

“तुह्यं नाव घेतलं का लोक म्हनतीन, बाप आहे म्हनून ढोल वाजवून राह्यला.”

“म्हनू द्या ना. बाप तं आहातच तुम्ही.”

“घरी आहो. मैदानात नाही.”

तिला राज्याच्या संघात जायचं होतं. तिथे पोचली असती तर खेळाडूंच्या राखीव जागेतून नोकरीचं दार उघडलं असतं, आणि तिला पोलिसात जायचं होतं. त्यामुळे लोकांनी तिच्या खेळाला बापाचा खेळ म्हणू नये, असं मला खरोखर वाटत होतं. हे तिला समजावून सांगायला हवं होतं की ते तिला समजत होतं, मला ठाऊक नाही.

निवड चाचणी पुढच्या महिन्यात होती आणि त्याआधी आमच्याच मैदानावर मुलींचा अंतिम सामना होता. सकाळची वेळ. समोर मेहकरकडचा संघ. त्यांच्या पाठीराख्यांनी ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या भरून आणल्या होत्या. माझ्या शेजारी नेहमीप्रमाणे स्पीकरवाले चाचा बसले होते. माझ्यापेक्षा दहाएक वर्षांनी मोठे, त्यांचे भोंगे लग्नातही तेच आणि मैदानातही तेच. तिसऱ्या क्वार्टरमध्ये सात नंबर चेंडू घेऊन निघाली. मी बोलत होतो. तिने एकीला चुकवलं, दुसरीला चुकवलं, वर्तुळात शिरली, आणि वळताना तिचा पाय खड्ड्यात गेला. मागून येणारी मुलगी तिच्यावर पडली. वर पडलेली पोर लगेच उठून उभी राहिली. माझी उठली नाही.

तिने गुडघा दोन्ही हातांनी धरला होता. आवाज माझ्यापर्यंत येत नव्हता, तोंड दिसत होतं.

मी म्हणालो, “सात नंबरची खेळाडू खाली पडली आहे. पंचांनी खेळ थांबवला आहे. संघाच्या शिक्षिका आत जात आहेत.”

आमच्या बाजूचे लोक उठले. आपल्या पोरीला मुद्दाम पाडलं, अशी ओरड सुरू झाली. समोरच्या ट्रॉल्यांवरचे लोक उड्या टाकून खाली आले. मी सांगत राहिलो की पाय खड्ड्यात गेला, कोणीही पाडलेलं नाही, प्रेक्षकांनी दोराच्या बाहेरच थांबावं. चाचांनी माझ्या हातावर हात ठेवला.

“भाऊ, तुम जाओ ना. माईक मैं देखता.”

चाचा सज्जन माणूस, पण माईकवर त्यांना ‘हॅलो, चेक’च्या पुढे जाता येत नाही. मी मान हलवली आणि बोलत राहिलो. मंडपातली सतरंजी आणली गेली. चौघींनी तिला त्यावर घेतलं. जीप गेटशी आणली तर गेटात कोणाची तरी मोटरसायकल आडवी. मग मी त्या मोटरसायकलचा रंग सांगितला, नंबर सांगितला, पुन्हा सांगितला. मालक कुठे तरी भजी खात उभा होता. माझा आवाज जराही हलला नाही. इतक्या वर्षांच्या सवयीचा तो आवाज होता, त्याला माझी गरजच नव्हती. जीप गेली, लोक बसले, सामना सुरू झाला आणि तो मी शेवटपर्यंत सांगितला. बक्षीस समारंभ दुसऱ्यावर टाकून दुपारी मी अकोल्याच्या दवाखान्यात पोचलो.

बायको माझ्याआधी पोचली होती. तिने मला बाकावर बसू दिलं, मग म्हणाली, “लेक तिकडं पडेल होती अन् तुम्ही गाड्याइचे नंबर सांगून राह्यले.”

मी म्हणालो, “मी बोललो नसतो तर लोक आत घुसले असते.”

“घुसू द्याले पाह्यजे होते,” ती म्हणाली आणि औषधांच्या दुकानाकडे निघून गेली.

मुलीने मला एकच विचारलं, सामना कोण जिंकलं. मी सांगितलं की आपणच. तिने तोंड भिंतीकडे केलं.

ऑपरेशन झालं. डॉक्टरांनी सांगितलं की चालेल, फिरेल, गाडी चालवेल, पण धावता धावता वळायचा खेळ आता नको. चाचणी तिच्याविना झाली. सहा-आठ महिन्यांत ती कुबड्या सोडून चालायला लागली, नंतर बँकेच्या परीक्षेचा क्लास लावला. सगळं रीतसर झालं. फक्त हॉकीचं नाव घरातून गेलं. टीव्हीवर सामना लागला की ती उठून आत जायची, राग न दाखवता, सहज उठल्यासारखी. माझ्याशी ती बोलायची. सिलेंडर संपत आला आहे, मोबाइलचा रिचार्ज संपला आहे, शेगावची मावशी येणार आहे. असं पुष्कळ बोलायची. मला तिची फार आठवण यायची आणि ती समोरच बसलेली असायची.

मी चुकलो असं मला तेव्हा वाटलं नाही, आणि खोटं कशाला बोलू, आजही पुरतं वाटत नाही. त्या ट्रॉल्यांवरून उतरलेले लोक मी पाहिले होते. कोणाचं तरी डोकं फुटलं असतं, आणि दोष पुन्हा माझ्या मुलीच्या पडण्यालाच लागला असता. हे सगळं मी मनात इतक्यांदा मांडलं आहे की आता मला त्याचा वीट आला आहे. गाडीत तिकिटं फाडताना सुद्धा मी कोणाशी तरी वाद घालत असायचो. एकदा एका म्हातारीला मी तिकीट देताना म्हणालो, ‘मग काय करायला पाहिजे होतं?’ ती घाबरून म्हणाली, ‘मेहकर द्या ना बाप्पा, मेहकर.’

या हिवाळ्यात स्पर्धेवाले पुन्हा घरी आले. आता मोबाइल स्टँडवर लावून सामने थेट दाखवतात. त्यांच्यातल्या एकाने मला नम्रपणे सुचवलं की बाहेरगावचे लोक बघतात, तेव्हा भाषा जरा शुद्ध ठेवा. मी म्हणालो, घसाच शुद्ध राहिला नाही, भाषेचं काय घेऊन बसलात. माझं नाही म्हणायचं ठरलं होतं. घशाच्या डॉक्टरांनीही दोन महिने गप्प राहायला सांगितलं होतं, आणि खरं सांगायचं तर मी दमलो होतो. दुसऱ्यांचे गोल सांगून दमलो होतो.

मुलगी दारात उभी राहून ऐकत होती. ते लोक गेल्यावर म्हणाली, “जा ना तुम्ही. मी बी येतो.”

मी ‘काऊन’ असं विचारलं नाही. विचारलं असतं तर ती आली नसती, असं मला वाटलं.

ती आली. माझ्या मागे प्लास्टिकच्या खुर्चीवर बसली. चाचांनी तिला चहा मागवला आणि उन्हं तोंडावर येतात म्हणून तिची खुर्ची स्वतः सरकवून दिली. जुन्या मैत्रिणी भेटून गेल्या. ती सगळ्यांशी हसून बोलली. मी बोलत होतो, पण पहिल्या क्वार्टरमध्ये तीनदा अडखळलो, कारण माझं अर्धं लक्ष पाठीकडे होतं. तिला हे बघवतं आहे का, ती उठून जाते आहे का. ती उठली नाही. स्टिक चेंडूला लागल्याचा आवाज आला की तिची खुर्ची जराशी वाजायची.

दुसऱ्या हाफमध्ये पाहुण्या संघाची एक बारकीशी मुलगी, अकरा नंबर, गोलासमोर आडवी आली आणि जोरात मारलेला चेंडू तिच्या घोट्यावर बसला. ती जागच्या जागी कोसळली. पंचांनी शिट्टी दिली. मैदानात एकदम कालवा झाला, आणि माझं तोंड आपोआप सुरू झालं.

“अकरा नंबरची खेळाडू खाली पडली आहे. पंचांनी खेळ थांबवला आहे. प्रेक्षकांना विनंती आहे, दोराच्या आत कोणीही...”

खांद्यावर हात पडला. मुलगी उठून माझ्यामागे उभी होती.

“बाबा, तिचा बाप आला असंन तं त्याले बलवा.”

मी माईकवर तळहात ठेवला. “असं कोनाले बलवत नसतात माईकवरून. एक आला का दहा येतात.”

“बलवा,” ती म्हणाली.

तिचा हात खांद्यावरून हलला नव्हता. चाचा भोंग्याच्या वायरकडे बघत होते, वायरीला काहीही झालं नव्हतं. मी तळहात काढला.

“अकरा नंबरच्या खेळाडूचे वडील मैदानात असतील,” मी म्हणालो, “तर त्यांनी आत यावं. लगेच आत यावं.” मग, कशासाठी कोण जाणे, मी खाली पडलेल्या मुलीला सांगितलं, “बाई, तुझ्या वडिलांना बोलावलं आहे.”

समोरच्या बाजूला ट्रॅक्टरच्या चाकापाशी बसलेला एक सडपातळ माणूस उभा राहिला. आपल्याला बोलावलं आहे हे त्याला क्षणभर खरं वाटलं नसावं. त्याने शेजाऱ्याकडे पाहिलं. मग तो दोराखालून वाकून आत आला आणि धावत सुटला. एक चप्पल मध्यरेषेपाशी निघून पडली, त्याने मागे पाहिलं नाही. खाली बसून त्याने तिचं डोकं मांडीवर घेतलं. तोवर दात आवळून पडलेली ती पोर बापाला बघून मोठ्याने रडायला लागली. बाकी कोणीही आत आलं नाही. कदाचित आलंही असेल, मी दोराकडे बघतच नव्हतो.

पोरीला फार लागलं नव्हतं. घोटा सुजला होता, तिला पाय टेकता येत होता. बापाने तिला उभं केलं.

माझी मुलगी त्या दोघांकडे बघत होती. मी तिच्याकडे वळून पाहिलं नाही, पण तिचा श्वास मला ऐकू येत होता.

“असं याले पाह्यजे होतं, बाबा,” ती म्हणाली.

आवाजात राग नव्हता. रागाला द्यायची उत्तरं माझ्याकडे तयार होती, वर्षभर घोटून ठेवलेली. मी तिच्या हातावर हात ठेवला, आणि तिने तो तसाच राहू दिला. पंचांनी शिट्टी वाजवली. अकरा नंबर बापाच्या खांद्यावर हात टाकून लंगडत बाहेर निघाली, आणि आता पेनल्टी कॉर्नर कोणाचा आहे ते मी सांगितलं.